डोक्यातलं ‘गळू’ कापण्याआधी थांबा, ती बुरशी असू शकते! मुलांमधला ‘केरियन’ ओळखायचा कसा?

लहान मुलाच्या डोक्यावर लिंबाएवढी मऊ सूज येते. तिच्यातून जागोजागी पू झिरपतो, केस चिकटून त्यांचा गुंता होतो आणि तिथे नुसता हात लावला तरी पोर रडतं. घरात कोणी त्याला गळू म्हणतं, कोणी खवडे. अँटिबायोटिकचा एक कोर्स होतो, मग दुसरा. तरीही सूज उतरत नाही म्हणून शेवटी चिरा देऊन पू काढायचं ठरतं.

काही मुलांच्या बाबतीत मात्र ते गळू नसतंच. तो डोक्याच्या त्वचेला झालेला बुरशीचा तीव्र संसर्ग असतो. वैद्यकीय भाषेत त्याला ‘केरियन’ म्हणतात. त्याला चिरा लागत नाही. लागतात त्या बुरशीविरोधी गोळ्या, त्याही काही आठवडे. आणि उपचारांना फार उशीर झाला, तर त्या जागेवर केस पुन्हा कधीच न येण्याचा धोका असतो.

आजार जीवघेणा नाही, औषधही जुनं आणि माहितीतलं आहे. अडतं ते ओळखण्यापाशी. म्हणूनच हा आजार नीट समजून घ्यायला हवा.

केरियन म्हणजे नेमकं काय?

अंगावर होणारं गजकर्ण किंवा नायटा सगळ्यांना माहीत असतो. तो ज्या बुरशीमुळे होतो, त्याच कुळातली बुरशी डोक्यातही होते. त्या संसर्गाला ‘टिनिया कॅपिटिस’ म्हणतात. ही बुरशी केराटिन या प्रथिनावर जगते. त्वचेचा वरचा थर, नखं आणि केस याच प्रथिनाचे बनलेले असतात.

बहुतेक मुलांमध्ये हा संसर्ग सौम्य असतो. थोडी खाज, पांढरट कोंडा, एखाद-दुसऱ्या जागी विरळ झालेले केस, एवढंच दिसतं. पण काही मुलांचं शरीर या बुरशीला फार जोरदार प्रतिकार करतं. रोगप्रतिकारक पेशी तिथे धाव घेतात, त्वचा सुजते, पू तयार होतो. हाच केरियन. म्हणजे तिथला बराचसा पू हा जिवाणूंमुळे नसून, बुरशीविरुद्ध शरीराने पेटवलेल्या दाहामुळे असतो.

‘केरियन’ हा शब्द ग्रीक भाषेतला. त्याचा अर्थ मधाचं पोळं. पोळ्याच्या छिद्रांतून मध पाझरावा, तसा या सुजेच्या अनेक छिद्रांतून पू पाझरतो, म्हणून हे नाव.

मुलांनाच का होतो?

हा संसर्ग प्रामुख्याने वयात येण्यापूर्वीच्या मुलामुलींमध्ये दिसतो. वयात आल्यावर डोक्याच्या त्वचेतल्या तेलग्रंथी जास्त काम करू लागतात. त्या तेलातली काही स्निग्ध आम्लं या बुरशीला वाढू देत नाहीत. लहान मुलांकडे हे नैसर्गिक संरक्षण कमी असतं. मोठ्यांना हा आजार होतच नाही असं नाही, पण प्रमाण कमी असतं.

बुरशी येते कुठून?

मार्ग तीन. पहिला, माणसाकडून माणसाकडे. एकच कंगवा, एकच टोपी, एकच उशी किंवा टॉवेल वापरल्याने बुरशी पसरते. केशकर्तनालयातला साफ न केलेला कंगवा आणि मशीनही याला हातभार लावतात. भारतातल्या अनेक अभ्यासांत सर्वाधिक आढळलेली ‘ट्रायकोफायटन व्हायोलेशियम’ ही प्रजाती याच गटातली.

दुसरा मार्ग प्राण्यांचा. गाई-वासरांच्या तोंडावर, डोळ्यांभोवती राखाडी खपल्यांचे गोल चट्टे दिसतात. तेही गजकर्णच. वासराला कवटाळणाऱ्या मुलाला ते लागू शकतं. मांजर, कुत्रा, ससा, गिनिपिग यांच्याकडूनही संसर्ग येतो. प्राण्यांकडून आलेली बुरशी माणसाच्या शरीराला अधिक परकी वाटते, त्यामुळे तिच्याविरुद्धची प्रतिक्रियाही अधिक तीव्र होते. केरियन झालेल्या मुलाच्या घरी गोठा किंवा पाळीव प्राणी आहे का, हे डॉक्टर विचारतात ते यासाठीच.

तिसरा मार्ग मातीचा. मातीतल्या काही बुरशींमुळेही हा संसर्ग होतो, पण ते तुलनेने विरळा.

गळू की बुरशी, फरक कसा ओळखायचा?

नक्की निदान डॉक्टरच करू शकतात. तरी पुढच्या खुणा दिसल्या तर बुरशीची शंका घ्यायला हवी.

• सूज दाबल्यावर टणक न लागता ओल्या स्पंजसारखी मऊ लागते.

• पू एका तोंडातून न येता अनेक बारीक छिद्रांतून पाझरतो. वर पिवळट खपल्या धरतात.

• त्या जागचे केस तुटलेले असतात किंवा हलकेच ओढले तरी न दुखता हातात येतात. ही फार महत्त्वाची खूण आहे. साध्या गळवावरचे केस सहसा असे सुटून येत नाहीत.

• मानेच्या मागे किंवा कानामागे गाठी येतात. काही मुलांना तापही येतो.

• डोक्यावर इतरत्र कोंड्यासारखे पापुद्रे, केस गेलेले चट्टे किंवा केस त्वचेलगत तुटल्याने काळे ठिपके दिसतात.

• अँटिबायोटिकचा कोर्स पूर्ण होऊनही फरक पडत नाही.

• घरात, वर्गात किंवा वसतिगृहात आणखी कोणाला गजकर्ण आहे.

याउलट, साधं गळू बहुधा एकाच ठिकाणी येतं, गरम आणि ताणलेलं असतं, ठणकतं आणि काही दिवसांत त्याला एक तोंड पडतं.

कोंडा, चाई आणि उवांशी गल्लत का होते?

कारण सुरुवात सारखीच दिसते. पण शाळकरी वयाच्या मुलांमध्ये खराखुरा कोंडा तसा कमी असतो. त्यामुळे या वयात चिवट कोंडा आणि सोबत केस गळणं दिसलं, तर शाम्पू बदलत बसण्यापेक्षा तपासणी केलेली बरी.

चाई पडते तेव्हा त्वचा गुळगुळीत असते. खपल्या नसतात, पू नसतो. बुरशीच्या चट्ट्यावर मात्र पापुद्रे आणि तुटक्या केसांचे खुंट असतात. उवांमुळे खाजवून खाजवून जखमा होतात, त्यात पू होतो आणि मानेमागे गाठीही येतात. अशा वेळी केसांना चिकटलेल्या लिखा शोधल्या की उलगडा होतो. अर्थात एकाच डोक्यात उवा आणि बुरशी दोन्ही असू शकतात.

तपासणी कोणती करतात?

सर्वांत सोपी तपासणी म्हणजे ‘केओएच’. चट्ट्यावरचे काही तुटके केस आणि पापुद्रे काचपट्टीवर घेतात, त्यावर पोटॅशियम हायड्रॉक्साइडचा थेंब टाकतात आणि सूक्ष्मदर्शकाखाली बघतात. या रसायनाने केसाचा भाग विरघळू लागतो आणि बुरशीचे धागे व बीजाणू दिसू लागतात. त्यासाठी महागडं यंत्र लागत नाही आणि उत्तर त्याच दिवशी मिळू शकतं.

दुसरी तपासणी ‘कल्चर’. यात नमुन्यातली बुरशी प्रयोगशाळेत वाढवून तिची प्रजाती ओळखतात. याला साधारण दोन ते चार आठवडे लागतात. वूड्स लॅम्प या अतिनील प्रकाशाच्या दिव्याखाली काही प्रजाती हिरवट चमकतात. पण भारतात जास्त आढळणारी व्हायोलेशियम चमकत नाही. त्यामुळे दिव्याखाली काही दिसलं नाही म्हणजे बुरशी नाही, असा निष्कर्ष काढता येत नाही.

आणखी एक अडचण आहे. केरियनमध्ये दाह इतका असतो की नमुन्यात बुरशी कधी कधी सापडतच नाही. उलट पुवाच्या तपासणीत स्टॅफिलोकॉकससारखे जिवाणू सापडतात. मग सगळ्यांचं लक्ष जिवाणूंकडे जातं आणि मूळ कारण मागे राहतं. म्हणूनच लक्षणं ठळक असतील तर कल्चरच्या रिपोर्टची वाट न बघता उपचार सुरू करणं योग्य, असं ब्रिटिश असोसिएशन ऑफ डर्मेटॉलॉजिस्ट्सच्या २०१४ च्या मार्गदर्शक सूचना सांगतात.

नुसतं मलम लावून का भागत नाही?

अंगावरचं गजकर्ण मलमाने बरं होऊ शकतं, मग डोक्यातलं का नाही? कारण इथे बुरशी फक्त त्वचेवर नसते. ती केसाच्या मुळात उतरते आणि काही प्रजाती तर थेट केसाच्या आत शिरून राहतात. वरून चोपडलेलं मलम तिथपर्यंत पुरेसं पोहोचत नाही.

पोटात घेतलेलं औषध रक्तातून केसाच्या मुळाशी जातं. तिथे नव्याने तयार होणाऱ्या केसात ते मिसळतं आणि बुरशीला त्या केसात वाढू देत नाही. जुना, बुरशी लागलेला केस मात्र वाढून बाहेर पडावा लागतो. केस महिन्याला साधारण एक सेंटीमीटर वाढतो. कोर्स आठ-दहा दिवसांत का संपत नाही, याचं उत्तर या हिशेबात आहे.

औषधं कोणती आणि किती दिवस?

मुख्य औषधं दोन. ग्रिसिओफुल्विन हे जुनं औषध साधारण सहा ते आठ आठवडे, गरज पडल्यास त्याहून जास्त काळ द्यावं लागतं. ते स्निग्ध पदार्थांसोबत चांगलं शोषलं जातं, म्हणून दुधासोबत किंवा जेवणानंतर घ्यायला सांगतात. टर्बिनाफिनचा कोर्स तुलनेने लहान, बहुधा चार ते सहा आठवड्यांचा असतो. ट्रायकोफायटन गटातल्या बुरशीवर टर्बिनाफिन जास्त उपयोगी पडतं, तर मांजर-कुत्र्यांकडून येणाऱ्या मायक्रोस्पोरमवर ग्रिसिओफुल्विन. काही वेळा इट्राकोनाझोल किंवा फ्लुकोनाझोलही दिलं जातं.

मात्रा मुलाच्या वजनावर ठरते. यकृताचा आजार असेल किंवा दुसरी औषधं सुरू असतील तर ते डॉक्टरांना आधी सांगायला हवं. घरात मोठ्या माणसासाठी आणलेली गोळी अर्धी करून मुलाला देणं हा उपाय नव्हे.

सोबत किटोकोनाझोल किंवा सेलेनियम सल्फाइडचा शाम्पू आठवड्यातून दोन-तीनदा वापरायला सांगतात. एकट्या शाम्पूने आजार बरा होत नाही, पण डोक्यावरून झडणारे बीजाणू कमी होतात आणि इतरांना लागण होण्याचा धोका घटतो. कोमट पाण्याने भिजवून खपल्या हळुवार सोडवल्या तर मुलाला आराम पडतो.

सूज उतरली म्हणजे बुरशी गेली असं नाही. डॉक्टर पुन्हा तपासून सांगेपर्यंत कोर्स पूर्ण करायचा. केस परत यायला त्यानंतरही काही महिने लागू शकतात.

चिरा का द्यायचा नाही?

गळवात पू एका पोकळीत साठतो. चिरा दिला की तो बाहेर पडतो आणि दुखणं थांबतं. केरियनमध्ये अशी एक मोठी पोकळी सहसा नसते. पू केसांच्या मुळांभोवती शेकडो ठिकाणी विखुरलेला असतो. त्यामुळे चिरा दिल्याने फारसं काही निघत नाही, बुरशी तिथेच राहते आणि मुलाच्या वाट्याला जखम, भूल, टाके व व्रण येतात. घरी सुईने टोचून किंवा दाबून पू काढणं तर त्याहून वाईट.

केस कायमचे का जातात, हेही समजून घ्यायला हवं. दाह लांबला की केसाचं मूळ नष्ट होतं आणि तिथे व्रणाचा टणक थर येतो. मग केस उगवायला जागाच उरत नाही. वेळेत उपचार मिळाल्यास बहुतेक मुलांचे केस परत येतात. म्हणजे चुकीच्या उपचारात गेलेला प्रत्येक आठवडा या मुलांना महागात पडतो.

गोळ्या सुरू झाल्यावर अंगावर पुरळ आलं तर?

उपचार सुरू झाल्यावर काही मुलांच्या कानाभोवती, चेहऱ्यावर, मानेवर किंवा अंगावर बारीक खाजरं पुरळ उठतं. पालकांना वाटतं, औषधाची ॲलर्जी आली. गोळ्या बंद होतात आणि आजार पुन्हा उसळतो. अनेकदा ही ॲलर्जी औषधाची नसून बुरशीच्या अंशांना शरीराने दिलेली प्रतिक्रिया असते. तिला ‘इड रिॲक्शन’ म्हणतात. त्यामुळे पुरळ दिसलं की स्वतःहून गोळ्या थांबवू नयेत, त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावं. मात्र ओठ-डोळे सुजणं, श्वास लागणं, तोंडात फोड येणं असं काही झालं तर पुढची गोळी न देता थेट रुग्णालय गाठावं.

स्टिरॉइड चालतं की नाही?

इथे गोंधळ होण्यासारखं आहे. सूज आणि वेदना फार असतील तर काही डॉक्टर बुरशीविरोधी गोळ्यांसोबत थोडे दिवस स्टिरॉइडच्या गोळ्या देतात. त्याने मुलाला लवकर आराम मिळू शकतो. पण त्यामुळे अंतिम निकाल फार सुधारतो का, याबद्दल तज्ज्ञांमध्ये एकमत नाही. तो निर्णय डॉक्टरांचा.

औषधाच्या दुकानातून चिठ्ठीशिवाय आणलेलं ‘तीन-चार औषधं एकत्र’ असलेलं मलम ही वेगळी गोष्ट. त्यातल्या स्टिरॉइडने लाली आणि खाज दबते, बुरशी मात्र आत वाढत राहते. केंद्र सरकारने २०१८ मध्ये स्टिरॉइड असलेली अनेक मलमं ‘शेड्यूल एच’मध्ये आणली. म्हणजे ती डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकता येत नाहीत. तरीही ती सहज हातात पडतात.

याची दुसरी बाजूही गंभीर आहे. भारतात अंगावरच्या गजकर्णात टर्बिनाफिनला दाद न देणारी बुरशी मोठ्या प्रमाणावर दिसू लागली आहे. या प्रजातीला २०२० मध्ये ‘ट्रायकोफायटन इंडोटिनी’ असं नाव मिळालं. अशा बुरशीच्या फैलावामागे चुकीची मलमं आणि अर्धवट सोडलेले उपचार हेही कारण असावं, असं तज्ज्ञ मानतात.

इतिहास काय सांगतो?

डोक्यातल्या बुरशीवर उतावीळ उपचार करण्याची किंमत जगाने एकदा मोजली आहे. १८४१ मध्ये पॅरिसमध्ये काम करणाऱ्या डेव्हिड ग्रुबी यांनी हा आजार बुरशीमुळे होतो हे दाखवलं. पण औषध सापडायला शंभराहून अधिक वर्षं गेली. मधल्या काळात, विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून, मुलांच्या डोक्यावर क्ष-किरण सोडून सगळे केस गाळण्याची पद्धत रूढ झाली. बुरशी लागलेले केस गेले की बुरशीही जाईल, हा विचार.

इस्रायलमध्ये १९५० च्या दशकात उत्तर आफ्रिका आणि मध्यपूर्वेतून आलेल्या हजारो स्थलांतरित मुलांवर हा उपचार झाला. पुढे त्यांच्यात मेंदूच्या गाठी आणि थायरॉइडच्या कर्करोगाचं प्रमाण वाढलेलं आढळलं. अखेर १९९४ मध्ये तिथे भरपाईचा कायदा करावा लागला.

ग्रिसिओफुल्विन हे द्रव्य १९३९ मध्येच एका पेनिसिलियम बुरशीपासून वेगळं केलं गेलं होतं. १९५८ मध्ये ग्लासगोच्या जेम्स जेंटल्स यांनी ते पोटातून दिल्यास गिनिपिगमधलं गजकर्ण बरं होतं हे सिद्ध केलं. लवकरच ते माणसांना दिलं जाऊ लागलं आणि क्ष-किरणांची गरज संपली. म्हणजे सहा दशकांहून अधिक काळ हा आजार गोळ्यांनी बरा होतो आहे.

घरात आणि शाळेत काय काळजी घ्यायची?

• मुलाचा कंगवा, टोपी, स्कार्फ, उशीची खोळ आणि टॉवेल वेगळा ठेवा. कापड गरम पाण्यात धुऊन उन्हात वाळवा. कंगवा जंतुनाशकात बुडवून साफ करा किंवा बदला.

• घरातल्या सगळ्यांची डोकी आणि अंग तपासा. काहींमध्ये लक्षणं नसतानाही बुरशी असते.

• गाय, वासरू, मांजर किंवा कुत्र्याला चट्टे असतील तर पशुवैद्यकाला दाखवा. नाहीतर मूल बरं होऊन पुन्हा आजारी पडेल.

• चुना, राख, लसणाचा रस किंवा गरम तेल लावू नका. सुजलेली त्वचा आणखी भाजते.

• टक्कल करण्याची गरज नाही. बुरशी मुळातही असल्याने केवळ केस काढून ती जात नाही. मुलाला मात्र चिडवलं जातं.

• योग्य उपचार सुरू असतील तर शाळा बुडवण्याची गरज नसते. फक्त टोपी-कंगवा इतरांना देऊ नये.

ताप चढत असेल, सूज कपाळाकडे किंवा डोळ्यांकडे पसरत असेल, मूल सुस्त झालं असेल तर वाट न बघता रुग्णालयात न्या. तशा वेळी जिवाणूंचा संसर्गही सोबत असू शकतो आणि अँटिबायोटिकचीही गरज पडते.

मग चुकतंय कुठे?

हा आजार गरिबीचा किंवा अस्वच्छतेचा शिक्का मारून सोडून देण्यासारखा नाही. गर्दीच्या घरात, वसतिगृहात किंवा आश्रमशाळेत तो लवकर पसरतो, हे खरं. पण तो मुलाच्या किंवा आईच्या निष्काळजीपणाचा पुरावा नव्हे.

गावपातळीवर त्वचारोगतज्ज्ञ नसतात, हेही वास्तव आहे. पण यासाठी नवी योजना आखावी लागत नाही. २०१३ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात १८ वर्षांपर्यंतच्या मुलांची तपासणी होते. पथकं अंगणवाडीत वर्षातून दोनदा आणि शाळेत एकदा जाणं अपेक्षित आहे. तपासायच्या आजारांच्या यादीत त्वचेचे बुरशीजन्य आजारही आहेत. वजन-उंची घेताना मुलाचे केस बाजूला करून अर्धा मिनिट डोकं बघणं एवढंच यात वाढवायचं आहे.

ग्रामीण रुग्णालयात सूक्ष्मदर्शक असतो, तंत्रज्ञ असतो. केओएचचा थेंब तिथे मिळायला हवा. ग्रिसिओफुल्विन जागतिक आरोग्य संघटनेच्या अत्यावश्यक औषधांच्या यादीत आहे. ते औषध भांडारात पूर्ण कोर्सइतकं असायला हवं. पंधरा दिवसांच्या गोळ्या देऊन ‘बाकीच्या बाहेरून घ्या’ म्हटलं की कोर्स अर्धवट राहतो. आणि मुलाच्या डोक्यातल्या पू झालेल्या प्रत्येक सुजेवर ब्लेड उचलण्याआधी डॉक्टरांनी तिथला एक केस हलकेच ओढून बघावा. तो न दुखता हातात आला, तर ब्लेड खाली ठेवून केस तपासायला पाठवावा.

पालकांनीही एक प्रश्न विचारायला संकोचू नये: “डॉक्टर, ही बुरशी तर नसेल ना?” प्रश्नाला पैसे पडत नाहीत. न विचारल्याची खूण मात्र मुलाच्या डोक्यावर आयुष्यभर राहू शकते.

(ही माहिती सर्वसाधारण जागरूकतेसाठी आहे. औषध आणि मात्रा डॉक्टरांच्या सल्ल्यानेच ठरवावी.)